फळ्यावरची नावं : शुगर हिल रेकॉर्ड्सच्या श्रवणसत्राच्या प्रकल्प नोंदी

५ जानेवारी २०२५, रविवार

मामेभाऊ काल अमेरिकेतल्या एडिसनहून आला. बॅगेतून त्याने आधी बाकरवडीचा रिकामा डबा काढला (आईने मागच्या वेळी दिलेला) आणि मग टॉवेलमध्ये गुंडाळलेला तो संच. शुगर हिल रेकॉर्ड्सच्या गाजलेल्या गाण्यांचा, पाच सीडींचा, ऱ्हायनो कंपनीने १९९७ मध्ये काढलेला. जुन्या सीडींच्या दुकानात त्याला तो मिळाला. शुगर हिल ही रॅपच्या सुरुवातीच्या तबकड्या काढणारी कंपनी न्यू जर्सीतल्याच इंगलवूड गावची, त्याच्या घरापासून गाडीने तासाभराच्या अंतरावर. तो तिथे अकरा वर्षं राहतोय आणि हे मी सांगेपर्यंत त्याला ठाऊक नव्हतं.

वाचनालयाच्या वरच्या खोलीत दर महिन्याला श्रवणसत्र होतं. मार्चचं माझ्याकडे आहे. आजवर आम्ही ख्याल ऐकले, नाट्यगीतं ऐकली, एकदा जुन्या तमाशाच्या तबकड्या ऐकल्या. या वेळी समोर भाचा आणि त्याची टोळी असेल. ही मुलं मराठीत रॅप (तालावर बोलायची यमकं) लिहितात, बीट म्हणजे खालचा ताल नेटवरून उतरवतात आणि फोनमध्ये आवाज भरतात. बीट कुणी केली असं विचारलं की खांदे उडवतात. त्यांना मला दाखवायचंय की रॅपच्या पहिल्या तबकड्यांवरचा ताल माणसांनी हाताने वाजवलेला होता. ती माणसं कोण होती, हेही सांगायचंय.

नियम ठरवला: प्रत्येक गाणं सुरू होण्याआधी फळ्यावर नावं लिहायची. कुणी वाजवलं, कुणी लिहिलं, कुणाचं छापलं. या तिन्हींचा मेळ बसत नसेल तर तेही लिहायचं.

११ जानेवारी, शनिवार

पाचही सीडी संगणकावर उतरवल्या. तिसरीवर ओरखडा आहे, एका गाण्यात दोनदा अडकते. मऊ कापडाने मधून कडेकडे पुसली, वेग कमी करून पुन्हा उतरवली. एक अडथळा गेला, एक राहिला. ते गाणं यादीत नव्हतंच.

नेटवर मिळणाऱ्या नव्या प्रतींशी ताडून पाहिलं. नव्या प्रती दाबून मोठ्या केलेल्या आहेत, ड्रमचा ठोका सपाट झालाय. संचातल्या प्रतीत हाय-हॅट (ड्रमची जोडझांज) आणि बास (खर्जाची गिटार) यांच्यात हवा आहे. सत्रात संचच वाजवायचा. गाण्यागाण्यांमधला आवाजाचा फरक मात्र मिक्सरवर जुळवावा लागेल, काही ठिकाणी चार डेसिबलपर्यंत.

अशा संचाचं मोल मला आणखी एका कारणाने वाटतं. १९९५ मध्ये ऱ्हायनोने या गाण्यांचे हक्क घेतले. पुढे २००२ मध्ये इंगलवूडच्या त्या स्टुडिओला आग लागली आणि तिथे उरलेल्या टेप जळाल्या.

गाणी सत्रात वाजवण्याच्या परवान्याचा अर्ज वाचनालयाच्या ताईंनी केला.

१९ जानेवारी, रविवार

सुरुवात ‘रॅपर्स डिलाइट’नेच. प्रास्ताविक लिहायला बसलो आणि शुगर हिल काढणाऱ्या सिल्व्हिया रॉबिन्सनवरच दोन पानं झाली. तिच्याबद्दल आपल्याकडे कुणी लिहिलेलं मला दिसलं नाही, म्हणून इथे थोडं सविस्तर.

ती स्वतः गायिका. १९५६ मध्ये मिकी बेकरबरोबर तिचं ‘लव्ह इज स्ट्रेंज’ आलं आणि गाजलं, १९७३ मध्ये ‘पिलो टॉक’. नवरा ज्यो रॉबिन्सनबरोबर तिने इंगलवूडमध्ये ऑल प्लॅटिनम नावाची कंपनी चालवली. सत्तरचं दशक संपता संपता ती कंपनी डबघाईला आली. १९७९ च्या उन्हाळ्यात न्यूयॉर्कमधल्या हार्लेमच्या एका क्लबात लव्हबग स्टार्स्की हा डीजे तबकड्यांवर बोलत होता आणि तो बोलेल तसे लोक साद देत होते. सिल्व्हियाने ते ऐकलं. न्यूयॉर्कच्याच ब्राँक्स भागात हे सहा वर्षं चालू होतं, पण गच्च्यांवर, बागांत, शाळांच्या हॉलमध्ये. लोक त्याच्या कॅसेट भरून एकमेकांना देत. याची तबकडी होऊ शकते असं करणाऱ्यांपैकीच अनेकांना वाटत नव्हतं. तिला वाटलं.

मुलगा जोई याच्या ओळखीने इंगलवूडच्या पिझ्झाच्या दुकानातला हेन्री जॅक्सन सापडला, त्याच्या मागोमाग मायकल राइट आणि गाय ओब्रायन. चाचणी झाली रस्त्याकडेला उभ्या असलेल्या गाडीत. तिघांचं नाव पडलं शुगरहिल गँग, कंपनीचं शुगर हिल, हार्लेममधल्या उंचावरच्या वस्तीवरून. सप्टेंबर १९७९ मध्ये ‘रॅपर्स डिलाइट’ची तबकडी आली. बारा इंची, एका बाजूला साडेचौदा मिनिटं, दुसऱ्या बाजूला साडेसहा. अमेरिकेत लोकप्रिय गाण्यांच्या मुख्य यादीत ती ३६ व्या क्रमांकापर्यंत गेली, कॅनडात पहिल्या.

ही पहिली रॅप तबकडी नव्हे. त्याच वर्षी फॅटबॅक बँडचं ‘किंग टिम ३’ थोडं आधी आलं होतं. भाच्याची टोळी हा मुद्दा हमखास काढेल, म्हणून लिहून ठेवतो.

सत्रात साडेचौदा मिनिटांचीच बाजू वाजणार. ताईंना भीती आहे की मुलं कंटाळतील. छोट्या बाजूत गोष्ट उरते, पण गर्दीत तासन् तास चाललेल्या खेळाचा दम जातो. तो दमच ऐकवायचा आहे.

२५ जानेवारी, शनिवार

आज मुलं घरी आली होती. तीन गाणी ऐकवली. ‘रॅपर्स डिलाइट’मध्ये हेन्री जॅक्सन, म्हणजे बिग बँक हँक, आपल्या पहिल्या कडव्यात नावाची अक्षरं सुटी सुटी म्हणतो: कॅसानोव्हा, आणि पुढे फ्लाय. टोळीतली एक मुलगी लगेच म्हणाली, “मामा, पण याचं नाव तर हँक आहे ना?”

तिथेच सगळं आहे. कॅसानोव्हा फ्लाय हे ब्राँक्सच्या दुसऱ्याच कवीचं नाव, पुढे ग्रँडमास्टर कॅझ म्हणून ओळखला गेला तो. हँक त्याच्याबरोबर असायचा, त्याचं काम बघायचा. तबकडी करायचं ठरल्यावर त्याने कॅझच्या वहीतली कडवी घेतली आणि कॅझचं नाव गुंफलेली ओळ होती तशी म्हणून टाकली. गाण्याच्या श्रेयात कॅझचं नाव आलं नाही, पैसाही त्याच्यापर्यंत पोचला नाही.

मुलांना हे समजावताना मला दुसरा शब्द सुचेना, म्हणून ‘नाममुद्रा’ म्हणालो, आणि ती चटकन समजली. ‘तुका म्हणे’ त्यांनी शाळेत पाठ केलंय. लावणीच्या, पोवाड्याच्या शेवटच्या कडव्यात शाहीर आपलं नाव घालतो, कारण रचना तोंडोतोंडी जाणार, कागद बरोबर जाणार नाही, तेव्हा नाव ओळीतच विणलेलं बरं. ब्राँक्सच्या पोरांनीही तेच केलं होतं. कॅसेट कुणाच्या हाती लागेल सांगता येत नाही, म्हणून नाव यमकात. कॅझचं नाव छापलं गेलं नाही, पण ओळीत राहिलं, आणि हँकच्या आवाजात जगभर वाजलं.

ती मुलगी बराच वेळ गप्प होती. नंतर तिने आपली वही काढली आणि काहीतरी लिहीत बसली.

फळ्याची पद्धत बदलली. छापलेली नावं पांढऱ्या खडूने, न छापलेली पिवळ्या.

२ फेब्रुवारी, रविवार

बासचा प्रयोग. ‘रॅपर्स डिलाइट’खाली जो बास आहे तो शीक या बँडच्या ‘गुड टाइम्स’चा, बर्नार्ड एडवर्ड्सने घडवलेला. पण तबकडीवर शीकची मूळ तबकडी वाजत नाही. सिल्व्हियाने वादक बसवून तो तुकडा पुन्हा वाजवून घेतला. बास वाजवणारा चिप शिअरिन तेव्हा किशोरवयात होता. तोच तुकडा न चुकता पंधरा मिनिटं वाजवत राहायचं काम होतं आणि त्याचे सत्तर डॉलर मिळाले, असं त्याने पुढे सांगितलं आहे.

आज संगणकात हे दोन सेकंदांचं काम आहे. तुकडा कापा, चिकटवा. म्हणून ठरवलं की सत्रात हा तुकडा कुणीतरी प्रत्यक्ष वाजवायचा, पूर्ण वेळ.

शेजारच्या इमारतीतला अभियांत्रिकीचा मुलगा बास वाजवतो. त्याला बोलावलं. आमच्या सत्रांना नेमाने येणारे ढोलकीवाले काकाही आले. काकांनी दोनदा ऐकलं आणि बोटांवर मोजून म्हणाले, “अरे, हा सोळा मात्रांचा फेरा आहे. तीनतालाएवढा. मी टाळी धरतो, तू समेवर ये.” मिनिटाला साधारण १११ ठोके, सोळाचा फेरा धरला तर साडेचौदा मिनिटांत शंभर फेरे होतात.

पोरगा चाळिसाव्या फेऱ्याला हलायला लागला. लय पळाली, मग बोट तारेवरून घसरलं. साठाव्याला थांबला. बोटांची टोकं लाल झाली होती. काका त्याला म्हणाले, “दम हातात नसतो, मोजण्यात असतो. फेरा मोजू नकोस, पुढची सम तेवढी बघ.” रोज वीस मिनिटं रियाज करायचा, असं ठरलं.

८ फेब्रुवारी, शनिवार

खोलीतले दोन्ही स्पीकर लहान आहेत, बास येतच नाही. कामावरचा पंधरा इंची स्पीकर आणला तर खिडकीची तावदानं थरथरली. तावदानांच्या फटीत पुठ्ठे घातले. ॲम्पला हम (सततची गुणगुण) होता. अर्थिंगची वायर निघाली होती, ती बसवली.

१५ फेब्रुवारी, शनिवार

आजचा दिवस तिघा वादकांचा. डग विम्बिश बासवर, स्किप मॅकडॉनल्ड गिटारवर, कीथ लब्लाँक ड्रमवर. ‘रॅपर्स डिलाइट’ झाल्यानंतर हे त्रिकूट शुगर हिलमध्ये आलं आणि पुढली काही वर्षं कंपनीच्या गाण्यांखाली तेच वाजत राहिलं. बरोबर तालवाद्यांवर एड फ्लेचर, त्याच्याकडे मी पुढच्या आठवड्यात येतो.

संच ओळीने ऐकला की ही गोष्ट आपोआप कळते. मुखपृष्ठावर गायकांची नावं बदलत जातात: फंकी फोर प्लस वन, ट्रेचरस थ्री, स्पूनी जी, क्रॅश क्रू. खालचे हात मात्र तेच. स्किपचा गिटारचा कोरडा, तुटक ठोका एकदा कानात बसला की चौथ्या गाण्यात तो दारातून येताना ओळखू येतो. आपल्याकडे जुन्या हिंदी चित्रपटसंगीतात असेच वादक होऊन गेले, गाणं लाखोंच्या तोंडी आणि वादक कुणालाच ठाऊक नाही.

क्लबातली तबकडी ऐकून तोच तुकडा हुबेहूब, पण जरा जास्त चढा वाजवायचा, हे त्यांचं काम. लब्लाँकचा ठोका मला फार आवडतो. तो लयीच्या किंचित पुढे झुकतो, आणि बोलणाऱ्याला त्यामुळे मागे रेलून बोलता येतं. मुलांना हे ऐकवताना मी बोलणं बंद ठेवून फक्त ड्रम दाखवणार आहे.

लब्लाँक गेल्या एप्रिलमध्ये वारला. १९८३ मध्ये त्याने कृष्णवर्णीयांचा नेता माल्कम एक्स याच्या भाषणांचे तुकडे ड्रमवर बसवून ‘नो सेल आउट’ केलं, तेव्हा अशी कल्पना नवी होती. तिघं पुढे लंडनला एड्रियन शेरवूडबरोबर टॅकहेड हा बँड झाले. विम्बिश १९९२ मध्ये लिव्हिंग कलर या बँडमध्ये गेला.

फळ्यावर या तिघांची नावं सत्रभर पुसायची नाहीत. वरच्या कोपऱ्यात चौकट करून ठेवायची.

२२ फेब्रुवारी, शनिवार

‘द मेसेज’. जुलै १९८२, सात मिनिटांच्या थोडं वर.

गाणं छापलंय ग्रँडमास्टर फ्लॅश अँड द फ्युरिअस फाइव्ह यांच्या नावावर. फ्लॅश हा गटाचा डीजे, तबकड्या फिरवणारा. तो त्यात वाजवत नाही. गटाला हे गाणं नकोच होतं. लोक नाचायला येतात, त्यांना पडक्या इमारती आणि थकलेली भाडी कशाला ऐकवायची, असं त्यांचं म्हणणं. मूळ गाणं एड फ्लेचरचं, ड्यूक बूटी या नावाने ओळखला जाणारा तोच तालवादक. गटातला एकटा मेली मेल तयार झाला. तबकडीवर मुख्य आवाज दोनच, फ्लेचर आणि मेल. चित्रफितीत मात्र फ्लेचरच्या ओळींवर गटातल्या रहीमचे ओठ हलतात. मेलचं शेवटचं कडवं, जन्मापासून तुरुंगातल्या मरणापर्यंतचं, १९७९ मध्ये एन्जॉय कंपनीसाठी केलेल्या ‘सुपररॅपिन’मध्ये आधीच येऊन गेलं होतं.

अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने २००२ सालापासून जपण्याजोग्या ध्वनिमुद्रणांची नोंदवही सुरू केली. पहिल्या पन्नासांत हे गाणं आहे.

मग ‘व्हाइट लाइन्स’, १९८३. फ्लॅश तोवर कंपनी सोडून कोर्टात गेला होता, मानधनासाठी आणि नावासाठी. कंपनीने तबकडीवर छापलं ‘ग्रँडमास्टर अँड मेली मेल’. दुकानात तबकडी उचलणाऱ्याला फ्लॅशच वाटावा अशी ती रचना. बास पुन्हा उसना, लिक्विड लिक्विड या न्यूयॉर्कच्या छोट्या बँडच्या ‘कॅव्हर्न’चा. विम्बिशने तो वाजवला, अप्रतिम वाजवला, आणि त्यावरूनही खटला झाला.

मला सिल्व्हियाबद्दल आदर आहे. तिच्याशिवाय ‘रॅपर्स डिलाइट’सारखी तबकडी कदाचित आणखी काही वर्षं निघाली नसती, आणि ‘द मेसेज’ व्हावं म्हणून ती एकटी हटून बसली. त्याच बाईच्या कंपनीत नावांची अशी उलथापालथ झाली. दोन्ही खरं आहे आणि दोन्ही मुलांपुढे सांगणार. ताईंनी विचारलं, कौतुकाच्या कार्यक्रमात हे कशाला? मी म्हणालो, ताई, ही मुलं उद्या करारावर सही करतील. आधी ऐकलेलं असू दे.

२ मार्च, रविवार

काल रात्री बातमी वाचली. गायिका अँजी स्टोन गेली. मोबाइल शहरातला कार्यक्रम करून परतताना अलाबामातच मॉन्टगोमेरीजवळ गाडीला अपघात झाला. वय ६३.

आज तिच्याच गाण्याची टिपणं करायची ठरली होती. ‘फंक यू अप’, डिसेंबर १९७९, शुगर हिलची अगदी सुरुवातीची तबकडी. गटाचं नाव द सीक्वेन्स: शेरिल कुक, ग्वेंडोलिन चिझम आणि अँजी ब्राउन, तेव्हाची अँजी बी, म्हणजेच पुढची अँजी स्टोन. तिघी साउथ कॅरोलायनातल्या कोलंबियाच्या. शुगरहिल गँगचा कार्यक्रम त्यांच्या गावात आला, तेव्हा त्या रंगमंचामागे पोचल्या आणि सिल्व्हियाला गाऊन दाखवलं. ब्राँक्सशी संबंध नाही, वशिला नाही, वय सतराअठरा. रॅपची तबकडी काढणाऱ्या बायकांच्या अगदी पहिल्या गटांपैकी तो एक. त्या बोलतात आणि गातात, एकाच श्वासात, जात्यावर दोघीतिघींनी ओवी एकमेकींच्या हातून उचलावी तशा.

पुढे अँजी स्टोन सोल गायिका म्हणून मोठी झाली, १९९९ मध्ये तिचा ‘ब्लॅक डायमंड’ आला. ‘फंक यू अप’ची ओळ १९९५ मध्ये रॅपर डॉ. ड्रेने आपल्या गाण्यात घेतली. भाच्याच्या टोळीला ते तोंडपाठ आहे, मूळ आवाज कुणाचा हे ठाऊक नव्हतं.

दुपारी हेडफोन लावून तीनदा ऐकलं. टिपण झालं नाही. यादीत हे गाणं पाचव्या जागी होतं, ते दुसऱ्या जागी घेतलं.

९ मार्च, रविवार

यादी पक्की. ‘रॅपर्स डिलाइट’, ‘फंक यू अप’, ‘दॅट्स द जॉइंट’, मध्यंतर (चहा, ताईंकडून), ‘व्हील्स ऑफ स्टील’, ‘द मेसेज’, ‘व्हाइट लाइन्स’.

‘दॅट्स द जॉइंट’ला शा-रॉकसाठी दोन मिनिटं ठेवली. फंकी फोर प्लस वनमधली ‘प्लस वन’ म्हणजे ती. १४ फेब्रुवारी १९८१ ला हा गट अमेरिकन टीव्हीवरच्या ‘सॅटरडे नाइट लाइव्ह’मध्ये झळकला, गायिका डेबी हॅरीच्या आग्रहाने.

‘व्हील्स ऑफ स्टील’, १९८१, हा फ्लॅशचा स्वतःचा हात, सात मिनिटं. फिरत्या तबकड्या हाताने थांबवत, मागे ओढत, एकीतून दुसरीत जात केलेलं ध्वनिमुद्रण. मध्ये चूक झाली की पुन्हा पहिल्यापासून. त्यात ‘गुड टाइम्स’ची मूळ तबकडी वाजते आणि तिच्याच बासवरून सुचलेलं क्वीन या ब्रिटिश बँडचं ‘अनदर वन बाइट्स द डस्ट’ही. मुलं पहिल्या गाण्यात जो तुकडा हाताने वाजवलेला ऐकतील, तोच इथे मूळ मालकाच्या बोटांतून परत येतो. शीकचे नाइल रॉजर्स आणि एडवर्ड्स यांनी पुढे ‘रॅपर्स डिलाइट’वर आपली नावं लावून घेतली, हे इथे सांगायचं.

पोरगा आज ब्याऐंशी फेऱ्यांपर्यंत पोचला.

१६ मार्च, रविवार

चाळीसएक माणसं. धुळवडीचे रंग काहींच्या कानामागे अजून होते. खुर्च्या कमी पडल्या, मुलं सतरंजीवर बसली.

आधी पोराने वाजवायला घेतलं, काकांनी टाळी धरली. पहिली दोन मिनिटं मुलं फोनवर चित्रण करत होती. पाचव्या मिनिटाला फोन खाली गेले. नवव्याला त्याचा चेहरा ओढलेला दिसायला लागला आणि मागे कुजबुज झाली. अकराव्या मिनिटाला एक फेरा हुकला, काकांनी टाळी मोठी केली, आणि सतरंजीवरच्या पोरांनी न सांगता टाळी उचलली. तिथून शेवटपर्यंत खोलीच वाजवत होती. तो थांबला तेव्हा मी घड्याळ पाहिलं. चौदा मिनिटं चाळीस सेकंद.

त्यानंतर मूळ तबकडी लावली. साडेचौदा मिनिटांत कुणी उठलं नाही.

‘फंक यू अप’च्या आधी मी अँजी स्टोनचं नाव लिहिलं आणि खाली काही बोललो नाही. ‘द मेसेज’ला मागच्या रांगेतल्या एका आजोबांनी विचारलं, “गाणं समजत नाही, पण हा माणूस भाड्याबद्दल बोलतोय का?” मी हो म्हणालो.

चर्चेत करारावरच सगळ्यात जास्त प्रश्न आले. मला माहीत होतं तेवढं सांगितलं. बाकीसाठी वाचनालयाचे सभासद असलेले एक वकील काका पुढच्या महिन्यात तासभर देणार आहेत.

१७ मार्च, सोमवार

स्पीकर कामावर परत नेला. पुठ्ठे काढले.

भाच्याने रात्री त्यांचं नवं गाणं पाठवलं. खाली चार ओळींत नावं: शब्द कुणाचे, आवाज कुणाचा, बास कुणाचा. बास शेजारच्या पोराचा आहे. टाळी काकांची.

संच वाचनालयाला दिला. ताईंनी दाखलवहीत चढवला. सीडी तीनवरच्या ओरखड्याची नोंद करायला लावली. फळ्यावरची नावं एका कागदावर उतरवून आत ठेवली आहेत, पिवळ्या खडूची नावं पिवळ्या पेनाने वाचता येईनात म्हणून खाली रेघ मारून.